सब्र-ए-जमील : सूरह यूसुफच्या प्रकाशात

संकट एकदा कोसळले की मनुष्य त्याला तोंड देण्याच्या तयारीला लागतो. परंतु उद्या काय घडणार हेच ठाऊक नसेल, तर आजचा घासही त्याला गोड लागत नाही. आमच्या कोराडीतील अनेक कुटुंबे हा अनुभव घेत आहेत. 1974 पासून येथील जीवन औष्णिक वीज केंद्राभोवती फिरत आले आहे. जुने संच बंद पडले, 660 मेगावॅटचे तीन नवे संच उभे राहिले. कंत्राटाची मुदत संपत आली की कामगाराच्या घरी एकच प्रश्न घोळू लागतो : नव्या ठेकेदाराच्या यादीत आपले नाव असेल काय? जुलै 2022 मध्ये जवळच्या खसाळा येथील राखेचा बंधारा फुटला आणि राखमिश्रित पाणी शेतात शिरले. मे 2023 मध्ये आणखी दोन संचांसाठी जनसुनावणी झाली, तेव्हा रोजगाराची आशा आणि हवापाण्याची काळजी या दोन्ही गोष्टी एकाच वेळी पुढे आल्या.

अशा वेळी मशिदीत येणारे तरुण विचारतात, "मौलाना, सब्र करा असे सगळेच सांगतात, पण सब्र करायचा म्हणजे नेमके करायचे काय?" प्रश्न रास्त आहे. त्याचे उत्तर सूरह यूसुफमध्ये विस्ताराने आले आहे.

सब्रचा अर्थ

अरबी भाषेत 'सब्र' या शब्दाच्या मुळाशी रोखून धरणे, बांधून ठेवणे हा अर्थ आहे. उलमांनी त्याचे तीन प्रकार सांगितले आहेत : अल्लाहच्या आज्ञापालनावर टिकून राहणे, पापापासून स्वतःला रोखणे आणि संकटात ढळू न देणे. आपण बहुधा तिसराच प्रकार लक्षात ठेवतो आणि तोही 'गप्प बसून सोसणे' एवढ्यावर आणून ठेवतो.

अश्रू आणि शोध

हजरत याकूब (अ.) यांनी पुत्राच्या वियोगात 'सब्रे जमील', म्हणजे सुंदर संयम, हे शब्द उच्चारले. तेच याकूब (अ.) इतके शोकाकुल झाले की त्यांचे डोळे पांढरे पडले, हेही कुरआनने सांगितले आहे (12:84). म्हणजे रडणे हे सब्रच्या विरुद्ध नाही. प्रेषित मुहम्मद (स.) यांचे नेत्रही पुत्र इब्राहीम यांच्या निधनाच्या वेळी पाणावले होते. याकूब (अ.) यांनी आपले गाऱ्हाणे अल्लाहपुढे मांडले आणि लगेच मुलांना आज्ञा दिली, की जाऊन यूसुफचा व त्याच्या भावाचा शोध घ्यावा आणि अल्लाहच्या कृपेविषयी निराश होऊ नये (12:86-87). निराशेची मनाई आणि शोधाची आज्ञा एकाच आयतीत आली आहे, हे ध्यानात घ्यावे. जो निराश झालेला नाही तो घराबाहेर पडतो, विचारपूस करतो, दार ठोठावतो.

कारागृहातील कर्तव्य

हजरत यूसुफ (अ.) यांना कारागृहात आपली सुटका केव्हा होणार हे ठाऊक नव्हते. तरीही सोबतच्या कैद्यांनी स्वप्नाचा अर्थ विचारला, तेव्हा त्यांनी आधी त्यांना एका अल्लाहची ओळख करून दिली आणि मग अर्थ सांगितला. सुटून जाणाऱ्या कैद्याला त्यांनी राजाजवळ आपली आठवण काढण्यास सांगितले, तो विसरला आणि यूसुफ (अ.) आणखी काही वर्षे कारागृहातच राहिले. शिफारशीच्या भरवशावर बसलेल्या प्रत्येकाने हा प्रसंग वाचावा. पुढे तोच मनुष्य गरज पडल्यावर परत आला, तेव्हा यूसुफ (अ.) यांनी त्याला टोमणा मारला नाही. विचारलेले सांगितले, एवढेच नव्हे, तर सात वर्षांच्या सुगीत धान्य कणसातच राखून दुष्काळासाठी साठवण्याचा उपायही सांगितला.

आता पुढचा प्रसंग पाहा. राजाचे बोलावणे आले असता यूसुफ (अ.) तत्काळ बाहेर पडले नाहीत. आपल्यावरील आरोपाची चौकशी व्हावी, अशी मागणी त्यांनी केली (12:50). यावरून न्याय मागणे सब्रला बाध आणत नाही, हे सिद्ध होते. थकलेली मजुरी मागणे, शेतीच्या हानीची भरपाई मागणे, स्वच्छ पाण्यासाठी अर्ज करणे यांत बेसब्री नाही. घाम वाळण्यापूर्वी मजुराला त्याची मजुरी द्यावी, अशी प्रेषितांची (स.) शिकवण आहे, तेव्हा जो हक्क धर्माने दिला, तो मागण्यात संकोच कशाला?

आपल्या घरासाठी धडा

विहीर, गुलामी, आरोप, कारागृह या सर्वांना जोडणारा धागा स्वतः यूसुफ (अ.) यांनी अखेरीस, आई-वडील समोर असताना, उलगडून सांगितला (12:100). मधल्या काळात तो कोणालाच दिसत नव्हता. संकटाचा अर्थ पुष्कळदा मागाहून उमगतो. आजचे कर्तव्य मात्र आजच ठाऊक असते. अंतिम घटका आली आणि हातात रोपटे असले, तरी शक्य असल्यास ते लावावे, या अर्थाची हदीसही हेच शिकवते.

म्हणून काम सुटलेल्या घरात प्रथम नमाज सुटू देऊ नये. खर्चाचा विचार पती-पत्नीने एकत्र बसून, मुलांना विश्वासात घेऊन करावा. खरी परीक्षा सब्रच्या दुसऱ्या प्रकारात असते : पगार थांबला की व्याजी कर्ज देणारा दारात उभा राहतो. त्या वेळी गरज आटोपशीर करावी, दागिना मोडावा लागला तरी मोडावा, नातलगांकडे कर्जे हसना मागावे; परंतु व्याजाच्या विहिरीत उतरू नये. तरुणांनी रिकाम्या महिन्यांत एखादे कौशल्य शिकावे. यूसुफ (अ.) यांनी राज्याच्या कोठारांची जबाबदारी मागताना आपला प्रामाणिकपणा आणि आपले ज्ञान या दोनच गोष्टी पुढे ठेवल्या होत्या.

ज्यांच्या घरी सुगी आहे, त्यांच्यावरही जबाबदारी आहे. अडचणीतील कर्जदाराला सवलत द्यावी आणि कर्ज माफ करणे अधिक चांगले, असा कुरआनचा आदेश आहे (2:280). शेजाऱ्याची चूल विझलेली असताना त्याला केवळ सब्रचा उपदेश करणे ही सब्रची थट्टा होय.

हे अल्लाह! आमच्या घरांना हलाल रोजी दे, आमच्या अश्रूंना तुझ्याच दाराशी वाट दे, आणि उद्याचे काही दिसत नसतानाही आजचे कर्तव्य पार पाडण्याची आम्हाला तौफीक दे. आमीन.