हँडेलचा तराजू

संगीत नाटकाच्या पडद्यामागें केवढें रण माजतें, हें पाहावयाचें असल्यास हँडेलच्या लंडनमधील रंगमंदिरांत डोकवावें. ‘मसीहा’ रचणारा तोच हा हँडेल. १७२३ सालीं रंगभूमीवर आलेल्या ‘ओत्तोने’च्या तालमींत फ्रान्चेस्का कुत्सोनी या इटालियन गायिकेनें एक पद फार साधें म्हणून नाकारलें. त्यानें तिला कमरेस धरून खिडकीबाहेर फेकण्याची धमकी दिली, असें त्याचा चरित्रकार लिहितो. मग तिनें मुकाट्यानें पद गायिलें, आणि त्याच पदानें तिची कीर्ति झाली! पुढें फाउस्तिना बोर्दोनी ही दुसरी गायिका आली. १७२६ च्या ‘अलेस्सान्द्रो’त दोघींचा मान सारखा राहावा म्हणून बिचाऱ्यास पदें तोलून वांटावीं लागलीं. गायिकांहून त्यांचे पक्षपाती वरचढ. १७२७ सालीं बोनोन्चीनीच्या ‘अस्तियानात्ते’च्या प्रयोगांत त्यांनीं युवराज्ञीसमक्ष शिट्या फुंकल्या!