सोयाबीनचे पोते आणि युआसाचे पिंप

आपल्या जालना जिल्ह्यात, विशेषतः मंठा, परतूर व जाफराबाद या तालुक्यांत, खरिपाचे सोयाबीन निघाल्यावर पाण्याची सोय असेल तेथे त्याच रानात गहू पेरला जातो. सोयाबीन मळणी होताच पोत्यांत भरून आडतीवर जाते. गहू वर्षाच्या भाकरी-पोळीपुरता घरी राहतो व उरलेला बाजार पाहतो. या दोन धान्यांत मीठ व पाणी यांखेरीज दुसरे काहीही न घालता जपानातील काही घराणी दीड-दोन वर्षे मुरवून एक काळसर रस तयार करतात. त्यास तिकडे शोयु म्हणतात. आपल्याकडे नूडल्सच्या गाडीवर सोया सॉस म्हणून जी बाटली असते, ती याच जातीची. मात्र स्वस्त बाटलीतील माल पुष्कळदा मुरविलेला नसतो. आम्लाने प्रथिने फोडून व जळक्या साखरेचा रंग देऊन तो थोड्याच दिवसांत तयार केलेला असतो.

ग्रामपातळीवरील कार्यकर्त्यांनी व शेतकरी बंधूंनी या विषयाकडे लक्ष द्यावे, यास आणखी एक कारण आहे. जपान आपल्या गरजेचे बहुतेक सोयाबीन व गहू परदेशांतून विकत आणतो. ज्याच्या घरी कच्चा माल नाही तो त्यापासून जगप्रसिद्ध पदार्थ करतो, आणि ज्याच्या रानात दोन्ही धान्ये पिकतात तो ती पोत्यानिशी देऊन मोकळा होतो. ही गोष्ट विचार करण्याजोगी आहे.

या पदार्थाचे मूळ गाव म्हणून युआसा हे नाव घेतले जाते. ते वाकायामा प्रांतातील आरिदा भागात समुद्रकाठी आहे. याच प्रांताशी महाराष्ट्र शासनाने २०१३ मध्ये पर्यटन व अन्नप्रक्रिया या विषयांत सहकार्याचा करार केला, आणि याच प्रांतातील कोयासान येथील विद्यापीठात २०१५ मध्ये डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचा पुतळा उभारण्यात आला. आरिदा भाग संत्रावर्गीय फळांसाठी प्रसिद्ध आहे. डोंगरउतारावर दगडी बांध घालून तेथे बागा केल्या आहेत. २०१६ मध्ये आपल्या मोसंबीस भौगोलिक मानांकन मिळाले आहे. तेव्हा अंबड-घनसावंगीच्या बागाईतदारास तो मुलूख अगदीच परका वाटणार नाही.

अशी परंपरा सांगतात की, काकुशिन नावाचा बौद्ध भिक्षू तेराव्या शतकात चीनमध्ये अध्ययनासाठी गेला आणि १२५४ मध्ये परत येताना भाज्या व धान्य मुरवून करावयाच्या एका कालवणाची कृती घेऊन आला. ते कालवण मुरत असता पिंपात जो रस साचे, तो चवीस उत्तम लागतो असे लोकांच्या ध्यानात आले. फेकून द्यावयाचा तो रसच पुढे मुख्य माल ठरला. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी सुमारे हजार उंबऱ्यांच्या या गावात ९२ घरे हा धंदा करीत होती असे सांगतात. पुढे मोठ्या कारखान्यांपुढे बहुतेकांनी हात टेकले. जी थोडी घरे टिकली त्यांत १८४१ मध्ये स्थापन झालेले कादोचो हे एक आहे. २००६ मध्ये गावाच्या जुन्या वस्तीस जपान सरकारने संरक्षित वस्तीचा दर्जा दिला. अरुंद गल्ल्या, लाकडी जाळीच्या खिडक्या व कौलारू वखारी पाहावयास लोक दुरून येतात आणि जाताना बाटली घेऊन जातात.

पाहुण्यास आत काय दिसते ते आता पाहू. सोयाबीन निवडून, भिजवून वाफेवर शिजवितात. गहू खरपूस भाजून भरडतात. आपण सातूच्या पिठासाठी गहू भाजतो, त्याची येथे आठवण व्हावी. दोन्ही धान्ये साधारण समभाग मिसळून त्यांवर एका विशिष्ट बुरशीचे बीज भुरभुरतात व सुमारे तीन दिवस उबदार, दमट खोलीत ठेवतात. दुधास जसे विरजण, तसे या धान्यास हे बीज. धान्यावर पिवळसर-हिरवट लव येते, तिला कोजी म्हणतात. ही बुरशी धान्यातील प्रथिने व पिष्ट यांचे विघटन करते, आणि चवीचा उगम त्यातच आहे. नंतर ते सर्व मिठाच्या दाट पाण्यात कालवून पिंपात भरतात. मीठ इतके असते की तयार रसात ते शेकडा १६ ते १८ राहते. त्यामुळे सडविणारे जंतू टिकत नाहीत आणि मीठ सोसणारे उपयुक्त जंतू सावकाश काम करीत राहतात. मुरलेल्या लोणच्याचा खार ज्या गृहिणीने सांभाळला आहे, तिला हे तत्त्व निराळे शिकविण्याची गरज नाही. वेळोवेळी ढवळत उन्हाळे व हिवाळे जाऊ देतात, मग कापडात बांधून दाबतात, वर आलेले तेल काढतात व रस तापवून भरतात.

जुन्या वखारींत ही पिंपे देवदारासारख्या सुगी नावाच्या लाकडाची असून बांबूच्या वेठांनी आवळलेली असतात. मोठ्या पिंपात पाच हजार लिटरांहून अधिक माल मावतो आणि ते शंभर वर्षांहून अधिक टिकते. लाकडाच्या छिद्रांत जंतूंची वसाहत पिढ्यान्‌पिढ्या नांदते, म्हणून प्रत्येक घराची चव वेगळी. तथापि पिंपे बांधणारे कारागीरच दुर्मीळ झाले, तेव्हा शोदोशिमा बेटावरील एका उत्पादकाने २०१२ मध्ये स्वतः ती विद्या शिकून इतरांस शिकविण्याचा उपक्रम हाती घेतला. पिंप नाही तर चव नाही, आणि चव नाही तर पाहुणाही नाही, हे त्याने ओळखले.

तांदळाची मद्ये करणाऱ्या वखारींविषयी थोडे सांगितले पाहिजे, कारण प्रवासी बहुधा दोन्ही एकाच फेरीत पाहतात. तेथेही काम कोजीवरच चालते. कोजीच्या या मद्यविद्येस २०२४ मध्ये युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत स्थान मिळाले. वखारीच्या वळचणीस सुगीच्या डहाळ्यांचा हिरवा गोळा टांगला की नवा माल आला असे समजावे. तो सुकून तपकिरी होतो तसतसा माल मुरत जातो. पूर्वी बर्फ पडून शेती बंद झाली की शेतकरी टोळीने या वखारींत कामास जात व वसंतात परतत. आपल्याकडील लोक मुकादमाबरोबर ऊसतोडीस जातात, त्याची आठवण होते. फरक इतकाच की, ते शेतकरी परतताना हातात एक विद्या घेऊन येत, व त्यांतील जाणता पुढे वखारीचा प्रमुख होई. आपल्या राज्यात मद्यनिर्मितीस परवाना लागतो व तो आपला विषय नाही. येथे घ्यावयाचा तो स्वच्छतेचा भाग. या वखारी पाहावयास जाणारास त्या दिवशी नात्तो हा आंबविलेल्या सोयाबीनचा पदार्थ खाऊन येऊ नये असे बजावतात, कारण त्यातील जंतू अंगावरून आत गेल्यास कोजी बिघडते. पाहुण्याच्या न्याहारीपर्यंत ही दक्षता आहे. आमच्याकडे मात्र मळणीचे धान्य गुरांच्या गोठ्यालगत पसरलेले मी अनेकदा पाहिले आहे.

आता एक गंभीर सूचना. एका गावी परतीच्या पावसात भिजलेले सोयाबीन गंजीतच काळे-हिरवे पडले होते. तेथील एका तरुण शेतकऱ्याने मला विचारले, “साहेब, जपानात बुरशीचाच पदार्थ करतात ना? मग हे वाया का घालवायचे?” प्रश्न हुशारीचा होता, पण त्याची कृती जिवावर बेतणारी ठरली असती. कोजीची बुरशी, अ‍ॅस्परजिलस ओरायझी, ही शेकडो वर्षे निवडून सांभाळलेली निर्विष जात आहे आणि तिचे बीज खास उत्पादकांकडून येते. तिचीच जवळची भाऊबंद अ‍ॅस्परजिलस फ्लेव्हस ही रानात व कोठारात आपोआप वाढते आणि अफ्लाटॉक्सिन हे यकृत बिघडविणारे विष निर्माण करते. डोळ्यांनी दोहोंतील भेद ओळखता येत नाही. तेव्हा बुरशी आलेले सोयाबीन माणसाने खाऊ नये, कोंबड्या-गुरांनाही घालू नये, आणि घरच्या घरी सॉस करण्याचा प्रयोग कोणीही करू नये. हे त्याला पटले. मात्र ते सोयाबीन टाकून देताना त्याच्या घरच्यांचे चेहरे पाहवत नव्हते, हेही लिहून ठेवतो.

यास्तव प्रारंभ मळणीपासूनच करावा. शेंगा वाळताच काढणी करावी व पाऊस दिसत असल्यास गंजी ताडपत्रीखाली ठेवावी. दाणा दाताखाली कडकन फुटला पाहिजे. ओलावा शेकडा १२ च्या वर असता पोते शिवू नये. खाण्यासाठी ठेवावयाचा माल मळणीयंत्राची गती कमी ठेवून वेगळा मळावा, कारण फुटक्या दाण्यात बुरशी लवकर शिरते. पोती जमिनीवर न ठेवता लाकडी फळ्यांवर व भिंतीपासून हातभर दूर ठेवावीत.

सोयाबीनमध्ये प्रथिने शेकडा सुमारे ४० असतात. कच्च्या दाण्यात पचनास अडथळा करणारे द्रव्य असते, म्हणून तो शिजविल्याशिवाय खाऊ नये. स्वच्छ दाणे उकळत्या पाण्यात टाकून अर्धा तास शिजवावे, कडक वाळवावे व ९ किलो गव्हात १ किलो या प्रमाणात दळून आणावे. पोळीची चव बिघडत नाही. बचतगटातील भगिनींनी हे पीठ प्रथम आपल्याच घरी महिनाभर वापरून पाहावे, विक्रीचा विचार त्यानंतर. सोयादूध, पनीर व आंबवून करावयाचे पदार्थ यांसाठी मात्र शास्त्रीय प्रशिक्षण व अन्न सुरक्षा कायद्याखालील नोंदणी आवश्यक आहे. खरपुडी येथील कृषि विज्ञान केंद्र, परभणी येथील विद्यापीठाचे अन्नतंत्र महाविद्यालय व भोपाळ येथील केंद्रीय कृषि अभियांत्रिकी संस्था यांच्याकडे याविषयी विचारणा करावी. संस्थेकडे जाताना मूठभर नमुना न नेता निवडलेले, वाळविलेले किमान दोन किलो सोयाबीन बरोबर न्यावे, म्हणजे तेथील तज्ज्ञांस दाण्याची परीक्षा करून सल्ला देता येईल.