शाळेला दोन अध्यक्ष, मग शाळा कोणाची?

प्रश्न : आमच्या गावातल्या अनुदानित माध्यमिक शाळेत सध्या दोन कार्यकारिणी आहेत. संस्थापकांचे चिरंजीव म्हणतात, ‘शाळा आमच्या वडिलांनी काढली.’ दुसरा गट म्हणतो, ‘निवडणूक आम्ही जिंकली.’ दोघांचेही अध्यक्ष मुख्याध्यापकांना पत्रे पाठवतात. शिक्षणाधिकारी म्हणतात, ‘धर्मादायचा निकाल येऊ द्या.’ माझी मुलगी नववीत आहे. शाळा नक्की कोणाची हे ठरवतं कोण, आणि आम्ही पालक यात कुठे बसतो? — एक पालक

उत्तर : तुमच्या पत्रातल्या पहिल्या दाव्यापासून सुरुवात करू, कारण गावोगावी तोच सगळ्यात जास्त ऐकू येतो. वडिलांनी शाळा काढली म्हणून ती मुलाकडे येत नाही. आपल्याकडची शिक्षणसंस्था सहसा १८६० च्या संस्था नोंदणी कायद्याखाली नोंदलेली असते. शिवाय महाराष्ट्रात ती १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायद्याखाली न्यासही असते. जमीन, इमारत, बाकं, बँकेतली शिल्लक हे सगळं न्यासाचं असतं. अध्यक्ष आणि सचिव ते सांभाळायला नेमलेले असतात. घराण्याचा हक्क चालतो तो फक्त संस्थेच्या घटनेतच तसं लिहिलेलं असेल तर. काही न्यासांत ते असतंही. म्हणून धर्मादाय कार्यालयातल्या नोंदवहीचा उतारा, ज्याला सगळे ‘शेड्यूल वन’ म्हणतात, तो आधी काढून बघा. विश्वस्त कोण आहेत आणि नवे विश्वस्त कोणत्या पद्धतीने यायचे, हे दोन्ही त्यात नोंदलेलं असतं.

संस्थापकाचा शब्द अखेरचा नसतो, याचं आपल्याकडचं मोठं उदाहरण पुण्यातलं आहे. न्यू इंग्लिश स्कूल १८८० मध्ये सुरू झालं, तेव्हा लोकमान्य टिळक संस्थापकांत होते. १८८४ मध्ये डेक्कन एज्युकेशन सोसायटी स्थापन झाली आणि शाळा तिच्या कारभारात आली. पुढे आजीव सदस्यांनी बाहेरची मिळकत घ्यावी की नाही, यासह अनेक बाबतींत मतभेद विकोपाला गेले आणि १८९० मध्ये टिळकांनी राजीनामा दिला. टिळक बाहेर पडले. शाळा सोसायटीकडेच राहिली. एवढ्या मोठ्या माणसाच्या बाबतीत हे घडलं, तर तुमच्या गावात वेगळा नियम का असावा?

आता दुसरा दावा, निवडणुकीचा. तो वरवर अधिक लोकशाहीचा वाटतो, पण खरी भांडणं तिथेच आहेत. निवडणूक झाली हे पुरेसं नसतं. मत द्यायचा अधिकार कोणाला होता, हा प्रश्न येतो. १८६० च्या कायद्याचं कलम १५ सांगतं की ज्याची वर्गणी तीन महिन्यांहून अधिक काळ थकली आहे, त्याला मत नाही आणि त्याची सभासद म्हणून गणतीही होत नाही. त्यामुळे वर्षानुवर्षं पावती न फाडणारी संस्था अडचणीत येते. निवडणुकीच्या तोंडावर एक गट भराभर नवे सभासद करतो, दुसरा म्हणतो की त्यांना कार्यकारिणीची मंजुरीच नव्हती. मग पावतीपुस्तकं निघतात, सभासद रजिस्टरची पानं तपासली जातात. सभेची नोटीस किती दिवस आधी निघाली, सर्वांना पोचली का, कोरम होता का, प्रोसिडिंग कोणाच्या हातचं आहे? आणि मुदत संपलेल्या कार्यकारिणीने सभा बोलावली असेल, तर तिला तो अधिकार होता का? शाळा कोणाची या मोठ्या प्रश्नाचं उत्तर शेवटी अशा रटाळ कागदांत सापडतं. लोकांना हे खटकतं, पण मला ते योग्य वाटतं. शाळेवर कोणाचं प्रेम जास्त आहे, हे मोजायला कुठल्याही अधिकाऱ्याकडे माप नाही. रजिस्टर मात्र तपासता येतं.

निवडून आलेल्या गटाने बदल घडल्यापासून ९० दिवसांत धर्मादाय कार्यालयात बदल अर्ज, म्हणजे ‘चेंज रिपोर्ट’ द्यायचा असतो. उशीर झाला तर सबळ कारण दाखवून माफी मागावी लागते. २०१७ च्या दुरुस्तीनंतर विश्वस्तांच्या नावांतला बदल १५ कामकाजाच्या दिवसांत तात्पुरता मंजूर करून ३० दिवसांत हरकती मागवायची सोय आहे. हरकत आली नाही तर तो कायम होतो. आली तर चौकशी, आणि तीही तीन महिन्यांत संपावी असं कायदा म्हणतो.

तुमच्याकडे हरकत आलेली आहे, आणि इथेच घोडं अडतं. साक्षी, उलटतपासणी, तारखा, मग अपील, मग न्यायालय. तोवर त्या कार्यकारिणीची तीन किंवा पाच वर्षांची मुदतच संपते. नवी निवडणूक होते, तीही दोन ठिकाणी. नवे दोन चेंज रिपोर्ट दाखल होतात आणि जुना मिटल्याशिवाय ते सुटत नाहीत, कारण आधीची सभासद यादी खरी कोणती हेच ठरलेलं नसतं. जुन्या संस्थांत असे अर्ज एकावर एक साचलेले असतात.

तोपर्यंत कारभार कोणी करायचा? चेंज रिपोर्ट मंजूर होईपर्यंत निवडून आलेल्यांनी हात बांधून बसायचं का, हा प्रश्न मुंबई उच्च न्यायालयापुढे चेंबूर ट्रॉम्बे एज्युकेशन सोसायटीच्या प्रकरणात आला होता. २००२ च्या त्या निकालाचा सारांश असा, की बदल निवडणुकीने घडतो आणि धर्मादाय कार्यालय त्याची नोंद घेतं. त्यामुळे निवडून आलेल्यांना मंजुरीची वाट पाहत थांबावं लागत नाही. एकच निवडणूक झाली असेल तर हे तत्त्व स्वच्छ आहे. दोन झाल्या असतील तर दोन्ही गट हाच निकाल खिशात घेऊन फिरतात. शिक्षणाधिकाऱ्यांना यातला खरा कोण हे ठरवायचा अधिकार नाही. म्हणून ते शेड्यूल वनवरच्या शेवटच्या निर्विवाद नोंदीकडे बोट दाखवतात. त्यांना टाळाटाळ करणारे म्हणण्याआधी ही मर्यादा लक्षात घ्या.

हे दुखणं फक्त आपलं नाही. अमेरिकेतल्या डार्टमथ कॉलेजात १८१५ मध्ये विश्वस्तांनी संस्थापकाच्या मुलालाच अध्यक्षपदावरून काढलं. पुढच्या वर्षी राज्य सरकारने कायदा करून कॉलेजचा कारभार आपल्याकडे वळवायचा प्रयत्न केला. काही काळ एकाच गावात दोन संस्था चालल्या, जुन्या विश्वस्तांचं कॉलेज आणि सरकारचं विद्यापीठ. शिक्का, सनद आणि दप्तर सरकारच्या बाजूला गेलेल्या चिटणीसाकडे राहिलं आणि दावा लागला तो त्याच वस्तू परत मिळवण्यासाठी. १८१९ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने विश्वस्तांच्या बाजूने निकाल दिला. आपल्याकडे रबरी शिक्का आणि कपाटाची किल्ली यांवरून पोलिसांत तक्रारी होतात, त्यामागचं कारण तेच आहे.

माणसं यासाठी इतकी का भांडतात, हेही मोकळेपणाने बोललं पाहिजे. पंचवीस-तीस वर्षांपूर्वी गावाबाहेर असलेली शाळेची जागा आज बाजारपेठेत आलेली असते. शिवाय संस्थेच्या हातात नेमणुका आणि बढत्या असतात. जमिनीपुरता कायदा कडक आहे. धर्मादाय आयुक्तांच्या पूर्वपरवानगीशिवाय न्यासाची स्थावर मिळकत विकता येत नाही. शेतजमीन दहा वर्षांहून अधिक आणि बिगरशेती जागा किंवा इमारत तीन वर्षांहून अधिक काळ भाडेपट्ट्यानेही देता येत नाही. वाद चालू असताना असा व्यवहार होतोय असं दिसलं, तर लगेच लेखी कळवा.

आणि पालक? तुम्हाला वाईट वाटेल, पण स्पष्ट सांगतो. नोंदणीकृत संस्थेच्या बाबतीत १९५० चा कायदा ‘हितसंबंध असलेली व्यक्ती’ म्हणून संस्थेच्या सभासदाला ओळखतो. ज्याचं मूल त्या वर्गात बसतं, त्याला त्या व्याख्येत जागा नाही. शिक्षण हक्क कायद्याखाली शाळा व्यवस्थापन समिती असते आणि तिच्यात तीन चतुर्थांश पालक असतात. पण २०१२ च्या दुरुस्तीनंतर अनुदानित शाळेतली ही समिती फक्त सल्ला देऊ शकते. शाळा ज्यांच्यासाठी आहे त्यांनाच तिच्या वादात बोलायला जागा नसावी, ही या कायद्यातली मोठी उणीव आहे असं माझं ठाम मत आहे. निदान शाळेच्या दैनंदिन कारभाराबद्दलच्या अंतरिम आदेशापुरतं तरी पालकांचं म्हणणं ऐकायलाच हवं.

म्हणून जे दार उघडं आहे ते वापरा. दोन्ही गटांपासून लांब असलेला एखादा जुना सभासद गाठा. धर्मादाय आयुक्त कलम ४१अ खाली विश्वस्तांना निर्देश देऊ शकतात. शिक्षकांचे पगार, परीक्षेचं काम आणि बँकेतल्या सह्या वादात अडकू नयेत, एवढ्यापुरता अर्ज त्या सभासदाच्या सहीने करा. कोण जिंकावं, यावर त्यात एक ओळही लिहू नका. व्यवस्थापन समितीचा ठराव त्याला जोडा आणि त्याची प्रत शिक्षणाधिकाऱ्यांना द्या. कारभार अगदीच कोलमडला, तर सरकारला ठरावीक काळासाठी व्यवस्थापन हाती घेता येतं. १९७६ पासून त्यासाठी स्वतंत्र कायदा आहे. तो शेवटचा उपाय समजा. मुलीच्या दाखल्याची आणि गुणपत्रिकेची मात्र काळजी करू नका. शाळा सोडल्याच्या दाखल्यावर सही मुख्याध्यापकांची असते आणि अध्यक्ष कोण, यावर ती अवलंबून नाही.

प्रश्न : अशाच वादात एका गटाने मला निलंबनाचं पत्र दिलं आणि दुसऱ्याने ‘कामावर हजर राहा’ असं कळवलं. कोणाचं ऐकू? — एक सहायक शिक्षक

उत्तर : दोन्ही पत्रांची पोच द्या आणि दोन्हींच्या प्रती शिक्षणाधिकाऱ्यांना पाठवून लेखी मार्गदर्शन मागा. उत्तरात कुठल्याच गटाला ‘माननीय अध्यक्ष’ म्हणून मान्यता देऊ नका. पत्र मिळालं, एवढंच लिहा. रोज शाळेत जा. हजेरीपटावर सही करू दिली नाही, तर त्याच दिवशी ते लेखी कळवा. खाजगी शाळांच्या सेवाशर्ती नियमावलीनुसार पूर्वपरवानगीशिवाय निलंबन केलं तर निर्वाहभत्ता संस्थेलाच भरावा लागतो, सरकारी अनुदानातून तो मिळत नाही. त्यामुळे परवानगी घेतली होती का, हे आधी विचारा. नुसत्या निलंबनाविरुद्ध शाळा न्यायाधिकरणात अपील होत नाही. सेवा संपवली, पदावनती केली किंवा बढतीत डावललं, तर मात्र खाजगी शाळांच्या सेवाशर्तींबाबतच्या १९७७ च्या कायद्याच्या कलम ९ खाली अपील होतं, आणि आदेश देणारे खरोखर ‘व्यवस्थापन’ होते का, हा मुद्दाही तिथे मांडता येतो. मुदत ३० दिवसांची आहे आणि ती आदेश तुमच्या हाती पडल्यापासून मोजली जाते, म्हणून पाकिटावरचा टपालाचा शिक्का जपून ठेवा.