संकलकाच्या टेबलावरून : अनंत माने

चित्रपट दिग्दर्शक घडवतो, हे आपण जाणतो; पण संकलकाच्या टेबलावर तो पुन्हा एकदा घडतो, हे फारसे लक्षात घेतले जात नाही. अनंत माने (१९१५–१९९५) याच टेबलावरून दिग्दर्शनाकडे आले. 'प्रभात'च्या संकलन विभागात त्यांनी फिल्मचे तुकडे निवडणे, कापणे, जोडणे हे काम केले. कुठे थांबावे हे ज्याला कळते, त्यालाच गोष्ट रंगवता येते.

पुढे त्यांनी 'धाकटी जाऊ' (१९५८), 'मानिनी' (१९६१) हे कौटुंबिक चित्रपट आणि 'केला इशारा जाता जाता' (१९६५) यासारखे तमाशापट दिग्दर्शित केले. 'मानिनी'ला राष्ट्रपतींचे रौप्यपदक मिळाले. 'सांगत्ये ऐका' (१९५९) तर पुण्याच्या विजयानंद चित्रगृहात शंभराहून अधिक आठवडे चालला. त्यात तमाशातील स्त्री पाटलाचे जुने पाप गावासमोर, भर फडात सांगते.

गंगाखेड तालुक्यातील माझ्या आजीने शाळेची पायरी चढली नाही. पण हा चित्रपट तिला प्रसंगवार पाठ आहे. पाटलापुढे मान वर न करणाऱ्या पिढीला ते दृश्य काय देऊन गेले असेल! वर्गात आपण कथेची बांधणी अभ्यासतो. तोच अभ्यास आजीच्या या चित्रपटाचाही व्हावा, असे मला वाटते.