आधी मागची पट्टी वाच, मग गेम वाढव

अगं, तो हजार गेम्सवाला पेन ड्राइव्ह आधी परत कर. पैसे दिले नसशील तर उत्तमच, दिले असशील तरी परत कर. ‘लावा आणि खेळा’ म्हणून जे विकतात ना, त्यातलं बरंचसं तुझ्या मशीनवर उघडणारच नाही, आणि जे उघडेल ते कुणाचं तरी ढापलेलं असेल. वर व्हायरस फुकट. मुलं दोन दिवस तोंड पाडून बसतील, बसू दे.

तुझा मेसेज वाचला आणि तुझी काय अवस्था झाली असेल ते डोळ्यांपुढे आलं. दीर न्यू जर्सीहून परत आले, सामानात हे पडद्यावरच्या पिनबॉल मशीनचं पाच फुटी धूड आणलं, त्यांच्या भाड्याच्या घरात मावेना म्हणून तुझ्या कळव्याच्या हॉलमध्ये टेकवलं. आता मुलांना आतले गेम्स पाठ झाले, सासूबाईंनी त्यावर क्रोशाचा रुमाल घातलाय, आणि ‘अजून गेम्स टाक ना’ म्हणून सगळे तुझ्या मागे. खरं सांगू का, हे काम तुझ्या रोजच्या ऑफिसच्या कामापेक्षा अवघड नाहीये. फक्त कुठून सुरुवात करायची ते कुणी सांगितलेलं नाही, म्हणून डोकं गरगरतंय.

सुरुवात मशीनच्या मागून कर. तिथे किंवा त्याच्या अडॅप्टरवर एक बारीक अक्षरांची पट्टी असते. त्यावर १०० ते २४० व्होल्ट लिहिलं असेल तर फक्त पिन बदलणारा सॉकेट घे आणि निर्धास्त हो. नुसतं ११० किंवा १२० लिहिलं असेल तर आपल्या २३० व्होल्टच्या बोर्डात ते थेट खुपसायचं नाही, मध्ये स्टेप-डाउन ट्रान्सफॉर्मर हवाच. मी एका अमेरिकन मिक्सरचा धूर काढलेला आहे, त्यामुळे या बाबतीत माझा शब्द मान. ‘आत्तापर्यंत चाललंय की’ असं म्हणू नकोस. दिरांनी ट्रान्सफॉर्मर लावला असेल आणि कुणीतरी तो मोबाइल चार्जर समजून हलवेल, तर काय?

आता त्याच पट्टीवर कंपनीचं नाव बघ, कारण गेम्स कसे वाढवायचे हे सगळं त्यावर ठरतं. आर्केडवनअपचं असेल तर मन घट्ट कर. त्या मशीनमध्ये मार्व्हल, स्टार वॉर्स किंवा विल्यम्सची ठरावीक दहा टेबलं असतात आणि नवीन टाकायची अधिकृत सोय नाही. (पिनबॉलवाले एकेका गेमला ‘टेबल’ म्हणतात, दुकानदाराशी बोलताना तू पण तेच म्हण, म्हणजे तो तुला गंडवायचा नाही.) अ‍ॅटगेम्सचं ‘लेजंड्स पिनबॉल’ असेल तर तुझं नशीब जोरात आहे. आणि पट्टीवर काहीच नाव नसेल, आत सरळसरळ कॉम्प्युटर ठेवलेला असेल, तर कुणीतरी ते घरी किंवा सुताराकडून बनवून घेतलंय. मग तर काहीही टाकता येतं, फक्त मेहनत आपली.

लेजंड्स पिनबॉल धरून चालते, कारण तू पाठवलेल्या फोटोत मला तरी तेच वाटलं. पहिल्या मॉडेलमध्ये २२ टेबलं आधीच भरलेली येतात. मशीन वाय-फायला जोड, अपडेट मागेल ते होऊ दे. अपडेट चालू असताना वीज गेली तर मशीन अर्धवट अवस्थेत लटकू शकतं. म्हणून पावसाळ्यात ढग दाटलेले असताना हा उद्योग काढू नकोस, किंवा इन्व्हर्टरच्या पॉइंटवर लाव. नंतर मशीनच्याच ऑनलाइन दुकानात शिरलीस की झेन स्टुडिओज आणि मॅजिक पिक्सेल या कंपन्यांच्या टेबलांचे पॅक दिसतील. पॅक घ्यायचा, तो उतरेपर्यंत चहा ठेवायचा, झालं.

पण पैसे भरताना तुझं कार्ड नाकारलं जाईल, हे आत्ताच सांगून ठेवते. तुझं काही चुकलेलं नसेल गं. मार्च २०२० पासून रिझर्व्ह बँकेच्या नियमाप्रमाणे नवीन कार्डावर परदेशी व्यवहार बंदच असतात, ते आपण चालू करायचे. बँकेच्या अ‍ॅपमध्ये कार्डाच्या सेटिंगला जा, ‘आंतरराष्ट्रीय’ आणि ‘ऑनलाइन’ ही दोन्ही बटणं चालू कर, मर्यादा पॅकच्या किमतीपेक्षा जराशीच वर ठेव. डॉलरच्या किमतीवर बँक स्वतःचं थोडं शुल्क लावते, ते हिशोबात धर. आणि खरेदी झाली की लगेच ते बटण बंद. मुलांना तुझ्या मोबाइलचा पॅटर्न माहीत आहे, हे विसरू नकोस.

एवढ्यावर भागलं तर इथेच थांब, खरंच. पण तुझ्या थोरल्याला मी ओळखते, तो थांबणार नाही. मग पुढचा रस्ता म्हणजे कॉम्प्युटर जोडणं. लेजंड्समध्ये ओटीजी नावाची सोय आहे. एचडीएमआय वायरीनं कॉम्प्युटरचं चित्र मशीनच्या मोठ्या पडद्यावर आणायचं आणि यूएसबी वायरीनं मशीनची बॉल सोडायची दांडी (प्लंजर) आणि बटणं कॉम्प्युटरला ओळखू द्यायची. म्हणजे गेम कॉम्प्युटरवर चालतो, खेळतो मात्र आपण मशीनवर. पडदा उभा आहे ना, म्हणून विंडोजच्या डिस्प्ले सेटिंगमध्ये चित्र फिरवून उभं करावं लागतं. पहिल्यांदा माउस उलटाच धावायला लागतो आणि आपल्याला वाटतं सगळं बिघडलं. काही बिघडत नाही. नव्वद अंशांऐवजी दोनशे सत्तर कर, सरळ होतं.

कुठला कॉम्प्युटर जोडणार, तेवढं मात्र आधी ठरव. स्टीम या ऑनलाइन दुकानात झेनचंच ‘पिनबॉल एफएक्स’ मिळतं, २०२३ साली आलेलं. ते अनरियल इंजिनवर बनवलंय, दिसायला देखणं पण जड. तुझा जुना ऑफिसचा लॅपटॉप त्यावर धापा टाकेल. त्याच्या आधीचं, २०१७ चं ‘पिनबॉल एफएक्स-३’ पुष्कळ हलकं आहे. पण बघ हं, एफएक्स-३ मध्ये घेतलेली टेबलं नव्या एफएक्समध्ये आपोआप येत नाहीत, पुन्हा विकत घ्यावी लागतात. तेव्हा आधी लॅपटॉप कुठलं पेलतो ते फुकटच्या टेबलावर तपास आणि मगच पाकिटाला हात घाल. स्टीमवर किंमत रुपयांत असते, तेवढी कटकट कमी.

अजून एक. झेनचंच ‘पिनबॉल एम’ नावाचं वेगळं सॉफ्टवेअर दिसेल. ते भुताखेतांचं, रक्ताचं, मोठ्यांसाठी आहे. धाकटीला ते दाखवायचं नाही, नाहीतर रात्री बाथरूमला जाताना तुला सोबत जावं लागेल.

तिसरा रस्ता कॉम्प्युटरवरचाच, फुकटातला, पण वेळखाऊ. रँडी डेव्हिस नावाच्या माणसानं २००० साली ‘व्हिज्युअल पिनबॉल’ नावाचं सॉफ्टवेअर काढलं. पुढे ते सगळ्यांना खुलं झालं आणि जगभरच्या पिनबॉलवेड्यांनी जुन्या मशीन त्यावर जशाच्या तशा उभ्या केल्या. बॉल उडवणाऱ्या फ्लिपरचा रबर कुठे झिजला होता इथपर्यंत. यात एका टेबलासाठी एक फाइल पुरत नाही, आणि बहुतेक सगळे इथेच अडतात. टेबलाची फाइल वेगळी, तिच्या नावाशेवटी व्हीपीएक्स असतं. मागच्या उभ्या पाटीचं चित्र वेगळं. आणि १९८०-९० च्या मशीन असतील तर तिसरी फाइल लागते ती रॉमची, म्हणजे मूळ मशीनच्या सर्किट बोर्डातला प्रोग्राम. तो पिनमेम नावाचं दुसरं सॉफ्टवेअर चालवतं. ही रॉम झिप करून येते आणि ती झिपच ठेवायची, उलगडायची नाही. नावही बदलायचं नाही, एका अक्षराचासुद्धा फरक नको. आपल्या बायकांच्या हाताला सवय असते, फाइल आली की नीट नाव देऊन ठेवायची. इथे ती सवय दाबून टाक. त्या रॉमवर मूळ कंपनीचा हक्क असतो, म्हणून ती कुठूनही ओढून घेऊ नकोस. ज्यांनी उघडपणे परवानगी दिलीय तेवढीच घे. जिथे शंका वाटेल तिथे तेच टेबल विकतचं घे, झोप तरी लागते.

सगळं नीट बसवून पहिल्यांदा टेबल उघडलंस, की विल्यम्स कंपनीच्या कित्येक मशीनवर नारिंगी अक्षरांत ‘फॅक्टरी सेटिंग्ज रिस्टोअर्ड’ असं येतं आणि गेम सुरूच होत नाही. तेव्हा कॉम्प्युटर बंद करून कपाळाला हात लावू नकोस. कळफलकावरचं एफ-तीन दाब, मशीन आतल्या आत पुन्हा सुरू होईल आणि मग बरोबर चालेल. खरीखुरी मशीन दुकानात पहिल्यांदा चालू केली की तेच व्हायचं. या लोकांनी तेही जसंच्या तसं ठेवलंय. मला तर याचं कौतुकच वाटतं.

आणि बटण दाबल्यावर फ्लिपर क्षणभर उशिरा उडतो असं मुलं म्हणाली तर ती बहाणा करत नाहीयेत. टीव्हीचा पडदा वापरला असेल तर तो चित्र सुंदर करण्याच्या नादात वेळ खातो. टीव्हीच्या सेटिंगमध्ये ‘गेम मोड’ असतो, तो चालू कर. या एका बटणानं जेवढा फरक पडतो तेवढा नवीन ग्राफिक कार्डानं पडत नाही. फ्लिपरचं बटणच अडकत असेल तर त्याच्या आतला मायक्रोस्विच बदलायचा. कळव्याहून स्लो पकडून दादर, तिथून वेस्टर्ननं ग्रँट रोड, आणि लॅमिंग्टन रोडवर जुना स्विच हातात धरून दाखवायचा. नाव सांगत बसू नकोस, वस्तू दाखव. बरं, सकाळी ऑफिसच्या गर्दीत या कामाला निघू नकोस, त्या वेळी कळव्याला गाडीत पाय ठेवायला जागा मिळाली तरी पुष्कळ.

मग टाकायचं काय? इथे माझं मत ठाम आहे, आवडो न आवडो. एकदम पन्नास टेबलं भरू नकोस. मुलं प्रत्येकावर दोन बॉल घालवतील आणि ‘बोअर’ म्हणून मोबाइलकडे वळतील. पिनबॉलची मजा एकच टेबल पुन्हा पुन्हा खेळण्यात आहे, त्याचे नियम हाताला कळायला लागतात तेव्हा. ‘अटॅक फ्रॉम मार्स’ घे, १९९५ चं. मधोमध उडती तबकडी, तिला मारायचं, धाकटीलाही पहिल्या मिनिटात कळतं. ते जमलं की ‘मिडीव्हल मॅडनेस’, १९९७ चं, त्याच ब्रायन एडीनं बनवलेलं. तिथे तबकडीऐवजी किल्ला. थोरल्यासाठी ‘द अ‍ॅडम्स फॅमिली’. ती १९९२ ची खरी मशीन २०,२७० विकली गेली होती, तेवढी खपलेली दुसरी क्वचितच. तिच्यात करायचं इतकं आहे की तो दिवाळीपर्यंत गप्प बसेल.

सासूबाईंना विसरू नकोस. त्यांच्यासाठी गॉटलिब कंपनीचं एखादं जुनं, सोपं टेबल असू दे. याच गॉटलिबनं १९४७ मध्ये ‘हम्प्टी डम्प्टी’ मशीनवर पहिल्यांदा फ्लिपर लावले. त्याआधी बॉल सोडायचा आणि तो कुठल्या खळग्यात पडतो ते बघत राहायचं. आपल्या लहानपणी खिळे ठोकलेला लाकडी बोर्ड असायचा ना, स्टीलच्या गोळ्यांचा, तेच ते. त्यांनी तो खेळलेला असणार, विचारून बघ. रुमाल आपोआप उचलला जाईल.

नवऱ्याला आणि तुला मात्र मी सांगते काय आवडेल ते. एमएस-सीआयटीच्या क्लासात सर बाहेर गेले की विंडोज एक्सपीवर जो निळा पिनबॉल उघडायचा, तो ‘स्पेस कॅडेट’. मूळचा १९९५ च्या ‘फुल टिल्ट’ नावाच्या गेममधला एक भाग. व्हिस्टा आली तेव्हा मायक्रोसॉफ्टनं तो काढून टाकला, कारण ६४-बिट कॉम्प्युटरवर त्यात बॉल चक्क भिंतीच्या आरपार जायचा आणि तो जुना कोड कुणाला उलगडेना. २०२१ मध्ये एका हौशी माणसानं तो उलगडून पुन्हा चालता केला. त्यासाठी मूळ गेमच्या फाइल्स लागतात, म्हणजे तुमच्या माळ्यावरच्या जुन्या एक्सपीच्या पीसीला शेवटी किंमत आली म्हण. तो टाकून दे असं मी गेली कित्येक वर्षं ओरडत होते ते विसर.

खालच्या मजल्यावरच्या काकूंची तक्रार येईल, तीही आत्ताच मिटव. मशीनच्या पायांखाली जाड रबरी मॅट घाल, आवाज अर्ध्यावर ठेव, आणि रात्री दहानंतर खेळ बंद हा नियम आजच लाव, कारण नंतर लावलेला नियम कुणी पाळत नाही. मशीन भिंतीला चिकटवूनही ठेवू नकोस. मुलं बॉल वळवायला ते हलवतात, ते हलवणं खेळाचाच भाग आहे, पण फार हलवलं की ‘टिल्ट’ होतं आणि बॉल जातो. तेव्हा रागावण्याचं काम मशीनच करतं, तुला करावं लागत नाही.

आणि हे शेवटचं, कारण यावरून घरात खरी रडारड होते. व्हिज्युअल पिनबॉल टाकलंस तर पिनमेमच्या फोल्डरमध्ये एनव्हीरॅम नावाचं छोटं फोल्डर असतं. रॉमवर चालणाऱ्या टेबलांचे हायस्कोअर त्यात असतात. नवीन काही टाकायच्या आधी त्याची एक कॉपी दुसरीकडे ठेवत जा. दीर पुढच्या महिन्यात येणार म्हणालीस ना? ते आल्यावर चहाच्याही आधी स्वतःचं नाव यादीत कितवं आहे तेच बघतील.