घडी मोड, पोरी

माझी पैठणी तू घेऊन चाललीस, बरं वाटलं. पण नुसतं लुगडं नेऊ नकोस, त्याबरोबर चार गोष्टी कानात घालून ने. बहुतेक मला सासूबाईंनी सांगितल्या होत्या, दोन मी चुकून शिकले.

पहिली गोष्ट घडीची. रेशीम नेसून विरत नाही तेवढं घडीवर विरतं. वर्षानुवर्षं एकाच दुमडीत पडून राहिलं की त्याच रेघेवर चिरतं, जरही तिथेच तुटते. म्हणून दर तीन-चार महिन्यांनी बाहेर काढ, सावलीत तासभर पसर आणि जुनी दुमड चुकवून नवी घडी घाल. तारखा लक्षात राहत नसतील तर सण धर: संक्रांत, पाडवा, श्रावण, दसरा. श्रावणात मात्र उघडीप बघूनच कपाट उघड.

ठेवायची ती धुतलेल्या पांढऱ्या मलमलीत. प्लास्टिकच्या पिशवीत ओल कोंडते. हँगरला लटकवलीस तर जरीच्या वजनानं रेशीम ओढलं जातं. आणि डांबराच्या गोळ्या जरीला लागू देऊ नकोस. मी एकदा घडीतच टाकल्या होत्या. पदराच्या कोपऱ्यातली ती काळवंडलेली मुनिया बघ, ती माझी पहिली चूक.

अत्तर, स्प्रे काय मारायचं ते नेसायच्या आधी, अंगाला, आणि वाळू द्यायचं. सणावरून आलीस की लगेच घडी घालून कपाटात कोंबू नकोस. घाम सुकेपर्यंत रात्रभर दोरीवर राहू दे, मग आत.

हळदीकुंकवाला डाग पडणारच. तेला-तुपाचा असेल तर त्यावर टाल्कम पावडर भुरभुरव, तासाभरानं अलगद झटक. हळदीचा असेल तर कोरड्या सुती फडक्यानं नुसता टिप, चोळू नकोस, आणि साबण तर मुळीच लावू नकोस. साबणातल्या खारानं हळद लाल होते. हळदीत चुना घालून कुंकू करतात ते याच गुणावर. ड्रायक्लीनला देताना ‘हळदीचा आहे’ म्हणून सांग, म्हणजे तो अंदाजानं काही लावणार नाही. सुती लुगड्याची गोष्ट वेगळी. धुऊन दोन दिवस कडक उन्हात टाकलं की हळद आपोआप उडते.

माझी दुसरी चूक गुढीची. लग्नानंतरच्या पहिल्या पाडव्याला मी हौसेनं माझी चांगली रेशमी साडी गुढीला नेसवली. चैत्राचं ऊन, वर साखरेची गाठी. संध्याकाळी गुढी उतरवली तेव्हा एक बाजू फिकी झाली होती आणि पाघळलेल्या साखरेला मुंग्या लागल्या होत्या. सासूबाई काही बोलल्या नाहीत. पुढच्या वर्षी त्यांनी आदल्या रात्री एक कोरा खण काढून ठेवला, एवढंच. तूही खणच लाव, त्याचं पुढे पोलकं शिवता येतं.

प्रत्येक सणाला पैठणी नको. संक्रांतीला चंद्रकळा नेस. थंडीच्या दिवसांत काळा रंग ऊब धरतो. मंगळागौरीला फुगड्या घालायच्या तर सुती नऊवारी नाहीतर इरकल बरी. इरकलीचा रेशमी पदर सुती अंगाला वेगळा जोडलेला असतो, त्या जोडावर पिन टोचू नकोस. दिवाळीत पणत्या लावताना पदर कमरेला खोच, आणि फटाक्यांजवळ नायलॉनचं काही घालून जाऊ नकोस, ते वितळून अंगाला चिकटतं. नवरात्रातले नऊ रंग म्हणशील तर ते वर्तमानपत्रांनी अलीकडे रुजवलेलं आहे. हौस असेल तर कपाटात आहे त्यातून जमव. रंगापायी नऊ साड्या विकत घेऊ नकोस.

पुढेमागे नवी पैठणी घ्यायला येवल्याला किंवा पैठणला गेलीस तर दुकानदार पदर दाखवेल, तू तो उलटा करून बघ. हातमागावरच्या पदरात एका रंगाचा धागा शेजारच्या धाग्यात अडकवून विणतात, म्हणून मागचा मोरही पुढच्यासारखाच दिसतो. मागे कापलेले, लोंबते धागे दिसले तर ती यंत्रमागाची. वाईट नव्हे, पण हातमागाचा भाव तिला देऊ नकोस. पैठणीला 2010 साली भौगोलिक मानांकनही मिळालंय, तेव्हा त्याबद्दल विचारायला लाजू नकोस.

शिवलेली नऊवारी नाचापुरती ठीक, पण या पैठणीला कात्री लावू नकोस. ओचा आणि काष्टा दोन दिवसांत जमतो. नेसल्यावर घरातच एकदा मांडी घालून बस, एक जिना चढ-उतर कर. सुटायचं ते तिथेच सुटेल.

आता शेवटचं. आमच्याकडे नवं लुगडं आधी बहिणीला, नणंदेला घडी मोडायला देत. या पैठणीची घडी माझ्या नणंदेनं मोडली, म्हणून मला ती नेसायची भीती कधी वाटली नाही. जपून ठेवते म्हणून तू ती वीस वर्षं कपाटात ठेवलीस तर तुझ्या मुलीच्या हातात चिंध्या येतील. येत्या दसऱ्याला नेस. डाग पडला तर पडू दे, तो कसा टिपायचा ते आता तुला माहीत आहे.