पडद्यावरचा खलनायक : निळू फुले

आंबेगाव तालुक्यातील लोणी असो की जुन्नर तालुक्यातील नारायणगाव, यात्रा आली की तमाशाची आठवण होतेच. मुलांनो, ‘तमाशा’ हा शब्द तुम्हांला उर्दूतून माहीत आहे. उर्दूत त्याचा अर्थ देखावा, पाहण्यासारखी गोष्ट. मराठीत मात्र तो गाणे, नाच, विनोद आणि वग असलेल्या लोककलेचे नाव झाला. या लोककलेच्या वाटेनेच एक मोठा नट पुढे आला. त्यांचे नाव निळू फुले.

त्यांचे मूळ नाव नीळकंठ कृष्णाजी फुले. ते पुण्याचे. घरची गरिबी होती. म्हणून कोवळ्या वयातच त्यांनी पुण्याच्या लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळ्याची नोकरी धरली. दिवसा ते झाडांना पाणी घालत आणि उरलेल्या वेळात राष्ट्र सेवा दलाचे काम करत. सेवा दलाच्या कलापथकात त्यांना अभिनयाची गोडी लागली. पुढे ‘कथा अकलेच्या कांद्याची’ या वगनाट्याने त्यांचे नाव गाजले. 1968 साली ‘एक गाव बारा भानगडी’ हा चित्रपट आला आणि ते पडद्यावर दिसू लागले.

बेरकी नजर, दबका आवाज आणि डोक्यावर टोपी! त्यांनी रंगवलेला दुष्ट पाटील पाहून खेड्यातील बायका बोटे मोडत. ‘सामना’ चित्रपटात त्यांनी गावावर सत्ता गाजवणारा साखरसम्राट उभा केला. हा चित्रपट 1975 साली बर्लिनच्या महोत्सवात दाखवला गेला. पण ते केवळ खलनायक नव्हते. 1979 च्या ‘सिंहासन’मध्ये ते सारे पाहणारा पत्रकार झाले. ‘कुली’ आणि ‘सारांश’ या हिंदी चित्रपटांतही त्यांनी कामे केली.

आता खरी गोष्ट ऐका. पडद्यावर गरिबांना लुबाडणारा हा माणूस प्रत्यक्षात गरिबांचा मित्र होता. गावोगाव काम करणाऱ्या कार्यकर्त्यांना मानधन मिळावे म्हणून ‘सामाजिक कृतज्ञता निधी’ उभारण्यात आला. त्यासाठी डॉ. श्रीराम लागू, निळूभाऊ आणि इतर नामवंत कलावंतांनी ‘लग्नाची बेडी’ या नाटकाचे प्रयोग केले. अंधश्रद्धेविरुद्धच्या कामातही निळूभाऊ पुढे असत. कीर्ती मिळाली, तरी त्यांची राहणी साधीच राहिली. 13 जुलै 2009 रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले.

लोक त्यांच्या पाटलाचा राग करत. तो राग म्हणजे त्यांच्या अभिनयाला मिळालेली दादच होती. परंतु माणसाची पारख त्याच्या सोंगावरून करू नये. ती त्याच्या वागण्यावरून करावी.

शब्दार्थ
वग – तमाशातील नाट्यमय कथा
बेरकी – लबाड, धूर्त
बोटे मोडणे – शाप देणे, राग व्यक्त करणे
मानधन – कामाबद्दल आदराने दिलेली रक्कम
दाद – कौतुक
सोंग – घेतलेले रूप

स्वाध्याय
1. निळू फुले यांनी सुरुवातीला कोणती नोकरी केली?
2. ‘तमाशा’ या शब्दाचा उर्दूतील व मराठीतील अर्थ सांगा.
3. ‘लग्नाची बेडी’ नाटकाचे प्रयोग कशासाठी केले गेले?
4. ‘दाद’ आणि ‘तमाशा’ यांसारखे उर्दू व मराठीत असलेले आणखी पाच शब्द लिहा.
5. प्रेक्षकांचा राग ही नटाला मिळालेली दाद कशी ठरते? तुमच्या शब्दांत लिहा.